गोष्ट नसलेले लघुपट: एका संध्याकाळसाठी निवड कशी करावी

दादरमधल्या एका लहानशा वाचनालयात महिन्यातून एकदा लघुपट दाखवले जातात आणि ते निवडण्याची जबाबदारी गेली काही वर्षे माझ्याकडे आहे. या काळात मला सर्वाधिक वेळा विचारला गेलेला प्रश्न असा की, ज्यांत फारसे काही घडत नाही, ज्यांत गोष्टीपेक्षा वातावरणालाच महत्त्व असते, असे लघुपट पाहायचे ठरवले तर सुरुवात नेमकी कोठून करावी. विचारणाऱ्याकडे बहुधा एकच मोकळी संध्याकाळ असते, तो डोंबिवलीहून किंवा वसईहून गर्दीच्या गाडीने आलेला असतो आणि त्याच्या कुतूहलात थोडा संशयही मिसळलेला असतो: गंभीर चेहऱ्याने आपल्याला फसवले तर जाणार नाही ना? हा संशय मला रास्त वाटतो. कथानक नसले म्हणजे चित्रपट आपोआप सखोल होतो, असे मानण्याचे काहीच कारण नाही. म्हणून यांतला कोणता लघुपट श्रेष्ठ, या प्रश्नाला मी हात घातलेला नाही. कोणता लघुपट कोणासाठी, कोणत्या जागी आणि कोणत्या वेळी योग्य ठरेल, एवढाच विचार पुढे केला आहे.

निवडीसाठी मी एक साधी कसोटी वापरतो. जुन्या चाळीतली मधली भिंत काढायची असेल, तर मिस्त्री हातोडा उचलण्यापूर्वी वरच्या मजल्याचा भार टेकूंवर घेतो. चित्रपटातून कथानक काढतानाही तसेच करावे लागते. पाहणाऱ्याचे लक्ष धरून ठेवण्याचा जो भार एरवी ‘पुढे काय होणार’ या उत्सुकतेवर असतो, तो दुसऱ्या कशावर तरी द्यावा लागतो. हा टेकू कधी निसर्गातल्या एखाद्या क्रमाचा असतो, कधी आवाजाचा, कधी एखाद्या जागेचा, तर कधी निव्वळ सरणाऱ्या वेळेचा. ज्या लघुपटाला असा टेकूच नसतो, तो कोसळतो आणि त्याखाली प्रेक्षक सापडतो. आपले मन यांपैकी कशावर विसावते हे ओळखता आले, की निवड बरीच सोपी होते. लांबी हा निकष मात्र उपयोगाचा नाही. ज्या आठ लघुपटांचा येथे विचार केला आहे, ते सगळे मिळून दोन तासांच्या आत संपतात. तरीही त्यांतला ११ मिनिटांचा एक लघुपट २० मिनिटांच्या दुसऱ्यापेक्षा कितीतरी लांब वाटतो, हे मी सभागृहातल्या खुर्च्यांच्या कुरकुरीवरून अनेकदा ओळखले आहे.

पाऊस आणि कुंपण

ज्यांना कथानकाशिवाय चित्रपट पाहण्याची अजिबात सवय नाही, त्यांनी ‘रेगन’ या डच लघुपटापासून सुरुवात करावी, असे माझे स्पष्ट मत आहे. नावाचा अर्थ ‘पाऊस’ एवढाच. योरिस इव्हेन्स आणि मानुस फ्रांकेन यांच्या १९२९ सालच्या या सुमारे १२ मिनिटांच्या कृष्णधवल मूकपटात ॲमस्टरडॅम शहरावर एक सर येते आणि निघून जाते. आधी उन्हातले कालवे आणि छपरे दिसतात, मग वारा सुटतो, पाण्यावर पहिले थेंब वर्तुळे काढतात, छत्र्या उघडतात, ट्रामच्या काचांवरून पाणी ओघळू लागते आणि अखेरीस ओल्या रस्त्यांवर पुन्हा उजेड पडतो. यात एकही पात्र नाही, संवाद तर नाहीच, तरीही चित्रपटाला आरंभ, मध्य आणि शेवट आहे, कारण तो पावसालाच असतो. नवख्या प्रेक्षकाला हा क्रम हाताला धरून नेतो आणि कथानक नसणे म्हणजे आकार नसणे नव्हे, ही गोष्ट कोणी समजावून न सांगताच त्याच्या लक्षात येते.

मुंबईकराला तर या क्रमाची ओळख करून द्यायची गरजच नाही. जूनमध्ये समुद्राकडून अंधारून येणे, फेरीवाल्यांनी निळ्या ताडपत्र्या ओढून घेणे, तळमजल्यावर राहणाऱ्यांची नजर आपोआप उंबऱ्याकडे वळणे, हे सगळे आपण दरवर्षी पाहतो. इव्हेन्सचा पाऊस आपल्या पावसाच्या मानाने फारच अदबशीर आहे. त्यात रूळ बुडत नाहीत आणि कोणाला छत्री सोडून देऊन विजेच्या खांबाचा आधार घ्यावा लागत नाही. तरीही आमच्याकडे हा लघुपट पाहताना लोक ज्या ठिकाणी हसतात किंवा मान डोलावतात, ती ठिकाणे ठरलेली आहेत, आणि पहिल्या थेंबानंतर हात पुढे करून पाऊस खरोखरच पडतो आहे का याची खात्री करून घेणारा माणूस हे त्यांतले एक.

यात एक गंमत आहे, आणि निवड करणाऱ्याने ती आधीच जाणून घेतलेली बरी. पडद्यावर दिसणारी ही एक सर प्रत्यक्षात एका सरीची नाही. इव्हेन्स अनेक महिने कॅमेरा हाताशी ठेवून वेगवेगळे पाऊस टिपत राहिला आणि संकलनात त्या सगळ्यांची मिळून त्याने एक सर केली. वातावरणप्रधान लघुपट म्हणजे कॅमेरा लावून स्वस्थ बसणे, हा समज येथे मोडून पडतो. वातावरण आयते सापडत नाही. ते कथेइतकेच, कदाचित तिच्याहून अधिक काळजीने रचावे लागते.

संगीताच्या बाबतीत थोडी सावधगिरी बाळगावी. मूळ चित्रपट मूक होता. पुढे १९३२ मध्ये त्याला संगीताची जोड देण्यात आली आणि १९४१ मध्ये हान्स आइस्लर या संगीतकाराने पावसाचे चौदा परींनी वर्णन करणारी रचना त्याच्यासाठी केली. आइस्लरची रचना बुद्धिमान आहे, पण ती ऐकताना पाऊस मागे पडतो, असे मला वाटते. पहिल्यांदा पाहताना आवाज पूर्ण बंद करावा, आणि जुलै महिना असेल तर खिडकी उघडी ठेवावी. पार्श्वसंगीताची सोय महापालिकेला न विचारता होते.

‘रेगन’च्या शेजारी ठेवण्यासारखा दुसरा लघुपट म्हणजे ब्रूस बेली या अमेरिकन दिग्दर्शकाचा १९६६ सालचा ‘ऑल माय लाइफ’. तो अवघ्या तीन मिनिटांचा आहे. एकाच अखंड शॉटमध्ये कॅमेरा एका जुन्या लाकडी कुंपणावरून सरकत जातो, मध्येमध्ये लाल गुलाबांची झुडपे येतात, आणि शेवटी नजर वर उचलली जाऊन निळ्या आकाशापाशी थांबते. सोबत एला फिट्झजेराल्डच्या आवाजातले १९३६ सालचे गाणे आहे आणि ते संपते तेव्हा चित्रपटही संपतो. येथे टेकू गाण्याचा आहे. ‘रेगन’मध्ये अनेक महिने एका सरीत सामावले आहेत, तर येथे तीन मिनिटांत तीनच मिनिटे आहेत. ज्याला या प्रकाराची फक्त चव घ्यायची आहे, त्याने हा पाहावा. आवडला नाही तरी हार्बर मार्गावरच्या दोन स्थानकांइतकाच वेळ गेला, असे म्हणता येते.

दोन खोल्या

पुढची निवड अधिक अवघड आहे, कारण येथे दोन्ही लघुपट घरात घडतात, दोन्हींच्या केंद्रस्थानी स्त्री आहे, दोन्ही १५ मिनिटांच्या आतले आहेत, आणि तरीही एकाच्या जागी दुसरा मुळीच चालत नाही.

शांताल आकेरमान या बेल्जियन दिग्दर्शिकेने १९७२ मध्ये, वयाच्या विशीच्या सुरुवातीला, न्यूयॉर्कमध्ये ‘ला शांब्र’ म्हणजे ‘खोली’ हा ११ मिनिटांचा रंगीत लघुपट केला. छायाचित्रण बाबेत मांगोल्त यांचे आहे. खोलीच्या मध्यभागी ठेवलेला कॅमेरा स्वतःभोवती सावकाश फिरतो: खुर्ची, टेबल, टेबलावरची भांडी, खिडकी, पलंग, पलंगावर स्वतः आकेरमान, आणि मग पुन्हा खुर्ची. काही फेऱ्यांनंतर कॅमेऱ्याची दिशा बदलते. पलंगावरची ती तरुणी कधी कॅमेऱ्याकडे पाहते, कधी कूस बदलते, कधी सफरचंद खाते. ध्वनिपट नाहीच, संगीत नाही, खोलीतला आवाज नाही, काहीच नाही. कॅमेरा माणसासाठी थांबत नाही, हे पहिल्या फेरीत विचित्र वाटते, दुसरीत खटकते, आणि तिसऱ्या फेरीत आपणच ती पुन्हा कधी दिसेल याची वाट पाहू लागतो. वाट पाहणे हाच येथला टेकू आहे.

आम्ही हा लघुपट पहिल्यांदा दाखवला, तेव्हा दुसऱ्याच मिनिटाला मागच्या रांगेतल्या एका काकांनी ‘आवाज येत नाही हो’ असे सांगितले, प्रोजेक्टर सांभाळणाऱ्या मुलाने निमूटपणे स्पीकरची वायर तपासली, आणि मग मला सर्वांसमक्ष कबूल करावे लागले की आवाज मुळातच नाही हे आधी सांगायला मी विसरलो. त्यानंतरच्या शांततेत छताचा पंखा, खालच्या रस्त्यावरचा भाजीवाला आणि कोणाच्या तरी पिशवीतल्या डब्याचे झाकण एवढेच ऐकू येत राहिले. कॅमेऱ्याने दिशा बदलली तेव्हा दुसऱ्या रांगेतून ‘अगंबाई’ असा स्पष्ट उद्गार आला. इतक्या थोड्या बदलाची सभागृहाने इतकी दखल घेतल्याचे मी अन्य कोणत्याही चित्रपटाच्या वेळी पाहिलेले नाही. म्हणूनच माझा सल्ला असा की ‘ला शांब्र’ एकट्याने, मोबाइलवर, जेवताना पाहू नये. तो अंधाऱ्या खोलीत, इतर माणसांसोबत पाहावा, कारण त्याला स्वतःचा आवाज नसल्याने तो आजूबाजूचा आवाज वापरतो. आणि एवढी तयारी नसेल तर सरळ सोडून द्यावा. पहिल्या संध्याकाळीच तो पाहून या सगळ्या प्रकाराला कायमचा रामराम ठोकणारे मी पाहिले आहेत.

पायल कपाडिया यांचा ‘आफ्टरनून क्लाउड्स’ हा १३ मिनिटांचा लघुपट पुण्याच्या फिल्म संस्थेत तयार झाला आणि २०१७ मध्ये कान महोत्सवाच्या विद्यार्थ्यांसाठीच्या विभागात निवडला गेला. २०२४ मध्ये त्यांच्या मुंबईवरच्या पूर्ण लांबीच्या चित्रपटाला कानमध्ये ग्राँ प्री मिळाल्यानंतर त्यांचे आधीचे काम पाहण्याची इच्छा व्यक्त करणारे बरेच जण भेटतात. त्यांच्यासाठी हे योग्य प्रवेशद्वार आहे. साठीची एक विधवा काकी आणि तिच्या घरी कामाला असलेली मालती ही नेपाळी मुलगी, या दोघींची एक दुपार, एवढाच विषय आहे. काकीची भूमिका मराठी चित्रपटांतून परिचित असलेल्या उषा नाईक यांची आहे. गॅलरीतल्या कुंडीत एक फूल उमलते. मालतीला ध्यानीमनी नसताना एक ओळखीचा मुलगा भेटतो. गोष्ट येथे पूर्णपणे काढून टाकलेली नाही, तिचे अवशेष ठेवले आहेत, आणि दोन स्त्रियांच्या दोन वेगवेगळ्या एकटेपणांमधले अंतर कोणीही बोलून दाखवत नाही.

मराठी प्रेक्षकाला यात जी जवळीक वाटते, तिचे कारण मला दुपारच्या वेळेत दिसते. आपल्या घरांत दुपारी जेवणानंतरची झाकपाक झाली, की चहाचे आधण ठेवीपर्यंत एक विचित्र पोकळी असते. पुरुष वामकुक्षी करतात आणि बायकांना दिवसभरात पहिल्यांदाच कोणी हाक मारत नाही. आपल्या कथा-कादंबऱ्यांनी सकाळ आणि संध्याकाळ पुष्कळ रंगवल्या. दुपार मात्र बहुतेक वेळा ‘दुपार टळली’ एवढ्यावर आटोपली. या लघुपटाचा सगळा भार त्या टळलेल्या दुपारीवर आहे. ‘ला शांब्र’मध्ये खोली माणसाला इतर वस्तूंच्या रांगेत बसवते, तर येथे घरातल्या वस्तूंना माणसांचा ओलावा लागलेला आहे. ज्यांना पात्रांशिवाय करमत नाही, पण कथानकाच्या धावपळीचा कंटाळा आला आहे, त्यांनी डोळे मिटून हा निवडावा. लॅपटॉप आणि बरे हेडफोन एवढ्यावर भागते, आणि शक्य झाल्यास रविवारी दुपारी पाहावा.

सरकारी खात्याची मुंबई

पन्नाशी ओलांडलेल्या वाचकांना आठवत असेल की एके काळी चित्रपटगृहात मुख्य चित्रपटापूर्वी फिल्म्स डिव्हिजनचा माहितीपट किंवा समाचारचित्र दाखवणे बंधनकारक होते आणि सामोसे आणायला बाहेर जाण्याची ती हक्काची वेळ मानली जाई. १९४८ मध्ये स्थापन झालेल्या आणि पेडर रोडवर मुख्यालय असलेल्या या सरकारी विभागाने धरणे, कुटुंबनियोजन आणि लसीकरण यांच्या जोडीने काही अत्यंत धाडसी लघुपटही केले, ही गोष्ट फार उशिरा लक्षात आली. हा विभाग २०२२ मध्ये राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाला. त्याचे अनेक जुने लघुपट यूट्यूबवर पाहता येतात. त्यांपैकी मुंबईवरचे दोन तुलनेसाठी घेतो.

प्रमोद पती यांचा १९७० सालचा ‘ट्रिप’ सुमारे चार मिनिटांचा आहे. पती चेकोस्लोव्हाकियात ॲनिमेशन शिकून आले होते, आणि जिवंत माणसांना बाहुल्यांप्रमाणे एकेक चौकट टिपून हलवण्याचे तंत्र त्यांनी येथे मुंबईच्या रोजच्या जगण्यावर वापरले. शहर झरझर येते आणि विरून जाते. याला वातावरणप्रधान म्हणावे की नाही, यावर वाद होऊ शकतो. मी तो घालत नाही, कारण चार मिनिटांत वाद घालायला उसंतच मिळत नाही.

मणी कौल यांचा १९८० सालचा ‘अरायव्हल’ मात्र वेगळ्या जातीचा आहे. ऋत्विक घटक यांचा हा विद्यार्थी ‘उसकी रोटी’ आणि ‘दुविधा’ या चित्रपटांनंतर सरकारी माहितीपटाकडे वळला, तेव्हा मुंबईत येणारे मजूर हा विषय त्याच्या हाती आला. एखाद्याने निवेदक, आकडेवारी आणि शेवटी आशावादी सनई असा बेत केला असता. कौल यांनी शहरात येणारी माणसे आणि शहरात येणारा माल एकाच नजरेने पाहिला: भाजी येते, फुले येतात, जनावरे येतात, माणसे येतात, सगळ्यांची उतरवणी होते, सगळ्यांची वर्गवारी होते, सगळे खपतात. सुमारे २० मिनिटांत कोणीही काहीही सिद्ध करत नाही, पण दोन दृश्ये शेजारी ठेवली की त्यांच्यामधून एक आरोप उभा राहतो. कथानक नाही, तरी युक्तिवाद आहे, आणि त्याचा टेकू संकलनावर आहे. दादरच्या फुलबाजारात किंवा वाशीच्या बाजार समितीत पहाटे उभे राहिलेल्या माणसाला ही दृश्ये परकी वाटणार नाहीत. उलट, रोज पाहूनही न पाहिल्यासारखे आपण काय काय ओलांडून जातो, याची थोडी लाजच वाटते.

‘वातावरणप्रधान’ या शब्दाने अनेकांच्या मनात एक शांत, धुकट, मन निववणारे काहीतरी उभे राहते. तशा अपेक्षेने कोणी ‘अरायव्हल’ लावला तर घोर निराशा होईल. त्यातली जनावरांची काही दृश्ये लहान मुलांसमोर दाखवू नयेत, हेही नमूद केले पाहिजे. पण चित्रपट पाहून झाल्यावर चर्चा घडवून आणायची असेल, म्हणजे महाविद्यालयाचा वर्ग असेल किंवा आमच्यासारखे वाचनालय असेल, तर या आठांमध्ये याच्याइतका उपयोगी दुसरा नाही. ‘रेगन’नंतर लोक खूश असतात आणि घरी जातात, ‘अरायव्हल’नंतर दिवे लागल्यावरही बसून राहतात.

खोटा संथपणा कसा ओळखावा

या टप्प्यावर एक इशारा द्यावासा वाटतो, कारण शोधायला गेल्यावर नामांकित लघुपटांपेक्षा त्यांच्या नकलाच आधी हाती लागतात. नळाचा थेंब, फिरणारा पंखा, खिडकीच्या गजावरचा कावळा, पाठमोरी उभी असलेली व्यक्ती, आणि या सगळ्यावर पसरलेली उदास पियानोची धून, असे काहीतरी दर महिन्याला माझ्याकडे निवडीसाठी येते. माझी पहिली चाचणी संगीताची असते: धून बंद केल्यावर दृश्यात काहीच उरत नसेल, तर वातावरण दृश्यात नव्हतेच, ते उसने आणले होते. दुसरी चाचणी क्रमाची: कोणतेही दोन शॉट अदलाबदल केले तरी काही बिघडत नसेल, तर रचना झालेलीच नाही. ‘रेगन’मध्ये पहिले थेंब आणि मुसळधार यांची अदलाबदल करून पाहा, चित्रपट तत्क्षणी मोडतो. ‘ला शांब्र’मध्ये तर अदलाबदल करायला दुसरा शॉटच नाही.

उलट, डुलकी लागली म्हणून चित्रपट वाईट ठरत नाही. आपला चित्रपट पाहताना कोणी झोपी गेले तरी हरकत नाही, असे इराणी दिग्दर्शक अब्बास किआरोस्तामी खुद्द म्हणत असत. विलंबित ख्याल ऐकताना दोन आवर्तनांपुरते डोळे मिटणाऱ्याला आपण अरसिक म्हणत नाही. समेवर त्याची मान बरोबर हलते, एवढे पुरते.

आवाजाचा टेकू, चालण्याचा टेकू

उरलेले दोन लघुपट लांबीने मोठे आहेत आणि मुंबईत ते पाहताना येणाऱ्या अडचणी एकमेकींच्या अगदी उलट आहेत.

पायल कपाडिया यांचाच ‘अँड व्हॉट इज द समर सेइंग’ हा २३ मिनिटांचा लघुपट २०१८ मध्ये बर्लिन महोत्सवाच्या लघुपट विभागात दाखवला गेला. भीमाशंकरच्या जंगलालगतच्या कोंढवळ या गावात तो घडतो. एक माणूस मधाच्या शोधात झाडांच्या शेंड्यांकडे पाहत राहतो, गावावर दुपार उतरते, जमिनीतून धूर निघतो, आणि गावातल्या बायका आपल्या हरवलेल्या प्रेमाबद्दल कुजबुजतात. या बायका दिसत नाहीत, फक्त ऐकू येतात. एरवी चित्रपटात चेहरा आधी आणि आवाज त्याच्या आधाराने येतो. येथे आवाजाला चेहराच दिलेला नाही, त्यामुळे तो कोणा एकीचा न राहता रानाचा होतो. आणि प्रेमाविषयी असे बोलण्याची मुभा या बायकांना बहुधा न दिसण्यामुळेच मिळाली असावी, असे पाहताना मला वाटत राहिले.

आवाजावरच उभ्या असलेल्या, पण कथा न सोडणाऱ्या लघुपटाशी याची तुलना केली तर फरक चटकन कळतो. उमेश कुलकर्णी यांच्या ‘गिरणी’त घरात आणलेल्या पिठाच्या गिरणीचा घरघराट मुलाच्या मनावर चाल करून जातो आणि त्या आवाजातूनच पुढची घटना जन्माला येते, म्हणजे आवाज कथेला ढकलतो. कपाडिया यांच्याकडे आवाज कशालाच ढकलत नाही, तो नुसता साचत जातो. ज्यांना कथा हवीच आहे पण संवादांचा भडिमार नको, त्यांनी निःसंकोचपणे ‘गिरणी’ निवडावा आणि हा संपूर्ण लेख विसरून जावा.

‘समर’ची अडचण शहरात आहे. कुजबुज ऐकण्यासाठी लागणारी शांतता मुंबईत विकत घ्यावी लागते. आमच्या सभागृहात पहिल्या वेळी शेजारच्या इमारतीच्या पायाभरणीचे काम चालू होते आणि अर्ध्या कुजबुजी पाइलिंगच्या ठोक्यांखाली गाडल्या गेल्या. त्यानंतर मी तो रात्री नऊनंतरच दाखवतो. घरी पाहणाऱ्याने हेडफोन वापरावेत. लोकलमध्ये तर मुळीच पाहू नये.

‘वॉकर’ हा तैवानमध्ये स्थायिक झालेले दिग्दर्शक त्साई मिंग-लिआंग यांचा २०१२ सालचा सुमारे २५ मिनिटांचा लघुपट आहे. लाल वस्त्रातला एक बौद्ध भिक्षू हाँगकाँगच्या गजबजलेल्या रस्त्यांवरून मान खाली घालून अविश्वसनीय संथपणे चालतो. त्याच्या एका हातात पाव आहे आणि दुसऱ्या हातात प्लास्टिकची पिशवी. अभिनेता ली कांग-शेंग. प्रेरणा ह्युएन त्संगाची, म्हणजे सातव्या शतकात पायी भारतात आलेल्या आणि आपल्याला शाळेच्या इतिहासात भेटलेल्या त्याच चिनी प्रवाशाची. भोवतालची गर्दी थबकते, टक लावून पाहते, फोटो काढते किंवा साफ दुर्लक्ष करते. शेवटी तो पावाचा घास घेतो. हे आधी सांगून टाकल्याने काहीच बिघडत नाही, ही या प्रकारच्या चित्रपटांची एक सोय आहे.

‘वॉकर’ आणि ‘ला शांब्र’ या दोघांचाही भार वेळेवर आहे, पण ‘वॉकर’ सोसायला सोपा जातो, कारण मध्यभागी संथपणा असला तरी कडेला शहर धावत असते आणि डोळ्यांना काम मिळते. संध्याकाळी साडेसहाला दादरच्या पुलावर असे कोणी चालले तर काय होईल, हा विचार आमच्याकडच्या प्रत्येक प्रेक्षकाच्या मनात येतोच, आणि बहुतेकांचे उत्तर छापण्याजोगे नसते. याला शांतताही लागत नाही. बाहेर हॉर्न वाजत असतील तर ते हाँगकाँगच्या आवाजात बेमालूम मिसळतात. मोठा पडदा मात्र हवा. लहान पडद्यावर भिक्षू गर्दीत हरवतो आणि मग नुसता रस्ता उरतो.

एकट्याने पाहणाऱ्याने पहिल्या संध्याकाळी तीनपेक्षा जास्त लघुपट लावू नयेत. ‘ऑल माय लाइफ’, ‘रेगन’ आणि ‘आफ्टरनून क्लाउड्स’ या क्रमाने अर्ध्या तासात ते होतात. यांतले शेवटचे दोन्ही आवडले तर पुढच्या वेळी ‘समर’, फक्त पाऊसच आवडला तर ‘वॉकर’, आणि तिन्ही फार गोड वाटले तर ‘अरायव्हल’. ‘ला शांब्र’ कोणीतरी सोबत असेल तेव्हासाठी राखून ठेवावा. वीस-तीस जणांसाठी कार्यक्रम ठरवणाऱ्याने ‘रेगन’ने आरंभ करून मध्यंतरापूर्वी ‘अरायव्हल’ ठेवावा आणि नंतर ‘समर’. मध्यंतरात चहा चालेल, पण बटाटेवडे टाळावेत. कुजबुज सुरू झाल्यावर तेलकट कागदाची पुडी उलगडणाऱ्याकडे अख्खे सभागृह ज्या नजरेने पाहते, ती मी एकदा स्वतः झेललेली आहे.